मोजलेला माल, राखलेली अब्रू

भालकी, औराद वा आळंद तालुक्यात घर बांधणारा गृहस्थ पै-पै साठवून सळया आणि सिमेंट आणतो. रात्रीतून त्यांतले काही नाहीसे झाले की अनेकदा पहिला संशय जातो तो कामावरच्या मजुरावर. पुरावा मात्र नसतो; कारण माल किती आला आणि किती लागला, हे कोणी मांडूनच ठेवलेले नसते.

म्हणून उपाय वहीपासून सुरू व्हावा. १२ मिलिमीटर जाडीची १२ मीटर लांब सळई सुमारे १०.७ किलो भरते. सिमेंटचे पोते ५० किलोचे. गाडी उतरतानाच माल मोजावा, सायंकाळी शिल्लक मांडून मिस्त्रीची सही घ्यावी. आठवड्यापुरताच माल आणावा, सिमेंट कुलपात ठेवावे, आवारात रात्री दिवा असावा.

चोरीला गिऱ्हाईकही लागते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या ३१७ व्या कलमान्वये चोरीचा माल जाणूनबुजून घेणे हाही गुन्हा आहे. बिनपावतीची स्वस्त सळई घेताना हे ध्यानी असावे.

वही चोख असली म्हणजे चोर सापडेलच असे नाही. परंतु निरपराध मजुराला मान खाली घालावी लागणार नाही. आपल्या घराच्या पायात कुणा गरिबाची अब्रू गाडली जाऊ नये, एवढे तरी आपल्या हाती आहे.