माता, कन्या आणि व्यवहार



१९४३ च्या ‘रामराज्य’ चित्रपटातील सीता म्हणून शोभना समर्थ घरोघरी वंदनीय ठरल्या. बँक-व्यवसायातील शिलोत्री कुटुंबातील या सरोजने, कुलीन स्त्रीला चित्रपट वर्ज्य मानला जाण्याच्या काळात, तो मार्ग स्वीकारला. पती कुमारसेन समर्थ यांच्यापासून विभक्त झाल्यावर चार अपत्यांचा भार त्यांनी पेलला. १९५० साली ‘हमारी बेटी’ काढून किशोरवयीन नूतनला त्यांनी नायिकापद दिले आणि १९६० साली ‘छबिली’ काढून तनुजाला संधी दिली.

नूतनने फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार पाच वेळा मिळविला. परंतु पैशाच्या व्यवहारावरून मायलेकींचा वाद न्यायालयापर्यंत गेला आणि अनेक वर्षे अबोला राहिला. पुढे समेट झाला, हे भाग्यच; कारण १९९१ साली कर्करोगाने नूतन गेली. मातेने २००० साली देह ठेवला.

पिंपरी-चिंचवड, चाकण परिसरात घर आणि कारखाना पुष्कळदा एकाच वहीत नांदतात. घरातील व्यवहारही लेखी असावा. मात्र त्यात चूक झालीच, तर क्षमेला विलंब नसावा. समर्थ मायलेकींना वेळ मिळाला. तो प्रत्येकाला मिळतोच असे नाही.