शब्दांचा धनी, पडद्यावर अबोल
(ग्रामीण शिक्षक व पंचायत सदस्यांच्या शिबिरात दिलेल्या व्याख्यानावरून)



नट आणि कवी या दोन वृत्ती एकाच माणसाच्या ठायी नांदाव्यात, यात आपल्याकडे नवल मानण्याचे कारण नाही. कै. ग. दि. माडगूळकरांनी गीते लिहिता लिहिता पडद्यावर भूमिकाही केल्या. परंतु लोकमानसात ते राहिले कवी म्हणूनच. श्री. किशोर कदम यांच्या बाबतीत पारडे असे एका बाजूस झुकवता येत नाही. पडद्यावर ते किशोर कदम असतात, कवितेखाली सही 'सौमित्र' अशी असते. 'गारवा' या गीतसंग्रहातील पावसाळी गाणी श्री. मिलिंद इंगळे यांच्या आवाजात आवडीने ऐकणाऱ्या पुष्कळांना, ती लिहिणारा हात आणि 'फँड्री'तील कचरू माने यांचा संबंध ठाऊक नसतो. '...आणि तरीही मी' हा त्यांचा कवितासंग्रहही रसिकांच्या परिचयाचा आहे.

त्यांचे नाट्यशिक्षण मुंबईत पं. सत्यदेव दुबे यांच्या हाताखाली झाले. शब्द स्वच्छ, वजनदार उच्चारला गेलाच पाहिजे, हा दुब्यांचा आग्रह रंगभूमीवर सर्वश्रुत होता. पुढे श्याम बेनेगल यांच्या 'समर' या चित्रपटात कदमांनी एका नटाचीच भूमिका केली. गावातील अस्पृश्यतेच्या घटनेवर चित्रपट काढण्यास आलेल्या मंडळींमध्येच जातीची तेढ कशी डोके वर काढते, हे त्यात दाखवले आहे.

या श्रोतृवर्गापुढे 'ध्यासपर्व' (२००१) या चित्रपटाचा उल्लेख विशेष अगत्याने केला पाहिजे. श्री. अमोल पालेकर दिग्दर्शित या चित्रपटात कदमांनी र. धों. कर्वे उभे केले. संततिनियमनाचा उच्चार करणेही अशिष्ट समजले जात होते, त्या काळात कर्व्यांनी १९२७ साली 'समाजस्वास्थ्य' मासिक काढले, खटले सोसले, एकाकीपण पत्करले. कुटुंबकल्याणविषयक सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार 'ध्यासपर्व'ला मिळाला. अशी भूमिका करताना नटाला वीरश्रीचा मोह होतो. कदमांचे कर्वे मात्र रोखठोक, किंचित रुक्ष व तर्काला घट्ट धरून बसलेले आहेत. मला तो रुक्षपणाच अधिक पटला.

'नटरंग' (२०१०) मधील पांडोबा याच्या अगदी उलट. फड उभा करताना गुणाच्या पाठीशी राहणारा, व्यवहार जाणणारा तमासगीर. या चित्रपटातील गाणी श्री. गुरु ठाकूर यांची आहेत. कवी असूनही दुसऱ्याच्या गाण्यांच्या चित्रपटात आपण निव्वळ नट म्हणून वावरावे, ही शिस्तही लक्षात घेण्याजोगी आहे.

आता 'फँड्री'. श्री. नागराज मंजुळे यांचा हा चित्रपट फेब्रुवारी २०१४ मध्ये सर्वत्र प्रदर्शित झाला. कैकाडी भाषेत फँड्री म्हणजे डुक्कर. कचरू माने हा गावकुसाबाहेर राहणारा, मुलीच्या लग्नाच्या विवंचनेत पिचलेला बाप. गावची मोकाट डुकरे धरण्याचे काम पुढारी त्याच्यावर सोपवतात आणि तो नाही म्हणत नाही. कारण नाही म्हणण्याची सोयच त्याला कोणी ठेवलेली नाही. कदमांचा कचरू फारच थोडे बोलतो. मान खाली, पाठ वाकलेली, समोरचा कितीही लहान असला तरी स्वर अजिजीचा. शब्दांवर उपजीविका करणाऱ्या माणसाने हा अबोल मनुष्य इतका खरा कसा केला? माझी समजूत अशी की, गीतकाराला मात्रा मोजाव्या लागतात. एक अक्षर जास्त झाले तर चाल मोडते, हे त्याला रोजच्या कामातून कळलेले असते. म्हणून कोठे बोलू नये हेही त्यास उमजते.

डुक्कर पकडण्याचा अखेरचा प्रसंग आठवावा. शाळेशेजारी मुले हसत आहेत, टवाळ पोरे टोमणे मारीत आहेत. तेवढ्यात शाळेतून राष्ट्रगीताचे स्वर येतात आणि हे कुटुंब जागच्या जागी स्तब्ध उभे राहते. या उभे राहण्यात कदमांनी विनोदाचा लवलेश येऊ दिला नाही, अवमानही नाही. नागरिक म्हणून तो ताठ उभा आहे आणि त्याच वेळी गावासमोर हास्यास्पदही ठरला आहे. लपून बसलेल्या जब्यावर तो पुढे हात उगारतो, तेव्हा प्रेक्षकाला त्याचा संताप येतो. गावावर काढता न येणारा राग तो पोरावर काढतो आहे, हे मागाहून ध्यानात येते. पकडलेले डुक्कर काठीला बांधून नेताना मागे शाळेच्या भिंतीवर डॉ. बाबासाहेब आंबेडकर, सावित्रीबाई फुले आदींची चित्रे दिसतात. त्या दृश्यात संवाद नाही.

आपल्यापैकी कोणी हा चित्रपट गावात दाखविण्याचे योजिले, तर एवढीच विनंती की, पहिल्या रांगेतील खुर्च्या पंचायतीच्या सदस्यांसाठी व गुरुजनांसाठी राखून ठेवाव्यात, आणि मानेवाड्यासारख्या वस्तीतील मंडळींना मागे उभे राहावे लागणार नाही, अशी बैठक मांडावी.