वारा फुकट आहे, वीज नाही



अपारंपरिक ऊर्जेविषयी आज समाजात दोन टोकाच्या भूमिका आढळतात. सूर्य आणि वारा अक्षय आहेत, निसर्गाने ते विनामूल्य दिले आहेत, तेव्हा कोळसा उद्याच बंद करावा, असे एक पक्ष म्हणतो. हा सारा अनुदानावर पोसलेला खेळ आहे, असे दुसरा पक्ष म्हणतो. दोघांनाही हिशेबाचे वावडे आहे. ऊर्जा हा राष्ट्राच्या स्वावलंबनाचा पाया आहे; म्हणून त्या विषयात भावनेपूर्वी हिशेब मांडला पाहिजे.

पहिला हिशेब क्षमतेचा. 'एक मेगावॉट' हा शब्द ऐकला की तेवढी वीज सदैव मिळणार, असा समज होतो. एक मेगावॉटचे संयंत्र वर्षभर अखंड चालले तर ८७ लाख ६० हजार युनिट वीज होईल. पण रात्री सूर्य नसतो आणि वारा आपल्या मर्जीने वाहतो. आपल्याकडे सौर वा पवन संयंत्राकडून साधारणपणे पाचवा हिस्सा, म्हणजे साडेसतरा लाख युनिटच्या आसपास वीज हाती येते. जून २०२५ मध्ये देशातील वीजनिर्मितीच्या एकूण क्षमतेपैकी निम्मी क्षमता बिगर-जीवाश्म स्रोतांची झाली. ही अभिमानाचीच गोष्ट होय. परंतु २०२४-२५ या वर्षी प्रत्यक्ष निर्माण झालेल्या विजेत कोळशाचा वाटा ७० टक्क्यांहून अधिक होता. फलकावरची क्षमता आणि तारेतली वीज यांतील हे अंतर ध्यानात न घेता केलेली प्रत्येक घोषणा अपुरी ठरते.

दुसरा हिशेब वेळेचा. सातारा जिल्ह्यातील वनकुसवडे आणि चाळकेवाडी या पठारांवर महाराष्ट्राच्या पवनऊर्जेचा पाया घातला गेला. तेथे वारा सर्वाधिक वाहतो तो जून ते सप्टेंबर या काळात. त्याच काळात शेतीपंप बंद असतात, घरातील पंखे मंदावतात आणि विजेची मागणी उतरते. एप्रिल-मे महिन्यांत मागणी शिगेला पोहोचते, तेव्हा तो जोर नसतो. सूर्याचेही असेच आहे. दुपारी वीज मुबलक. दिवेलागणीला, जेव्हा घरोघर दिवे, पंखे आणि दूरदर्शन संच एकाच वेळी सुरू होतात, तेव्हा सूर्य मावळलेला असतो. आणि वीज ही धान्यासारखी कोठारात भरून ठेवण्याची वस्तू नव्हे. तिची निर्मिती आणि तिचा वापर यांचा मेळ क्षणोक्षणी बसावा लागतो.

हा मेळ घालण्याचे काम कोणीतरी करतेच. वनकुसवड्याच्या पठाराखालीच कोयनेचा जलाशय आहे. १९६० मेगावॉटचा हा जलविद्युत प्रकल्प हवा तेव्हा मिनिटांत सुरू करता येतो. म्हणून सायंकाळच्या मागणीचा भार तो उचलतो. पण कोयनेचे पाणीही मोजके आहे. उरलेला भार कोळशाच्या संचांवर पडतो. दुपारी त्यांना निर्मिती घटवावी लागते आणि संध्याकाळी पुन्हा वाढवावी लागते. अशा चढउताराने यंत्रे झिजतात, कोळशाचा वापर दर युनिटमागे वाढतो. हा खर्च सौरविजेच्या दरात दिसत नाही. तो अखेर वीज मंडळाच्या खात्यात आणि तेथून ग्राहकाच्या देयकात येतो.

यावर उपाय साठवणुकीचा. घाटघर येथे २५० मेगावॉटचा उदंचन प्रकल्प आहे. मागणी कमी असताना पाणी वर चढवायचे आणि मागणी वाढली की खाली सोडून वीज करायची, अशी ही योजना. त्यात चढवण्यास लागलेल्या विजेचा चौथा-पाचवा हिस्सा वाया जातो, तरीही ती उपयुक्त आहे. मात्र तिला योग्य डोंगर, दोन जलाशय आणि कित्येक वर्षांचे बांधकाम लागते. विद्युतघटांच्या, म्हणजे बॅटऱ्यांच्या किमती अलीकडे वेगाने उतरल्या आहेत. पण काही तासांची साठवण निराळी आणि पावसाळ्यातला वारा उन्हाळ्यासाठी राखून ठेवणे निराळे.

तिसरा हिशेब पैशाचा. सौरविजेचा दर ही खरोखर थक्क करणारी कथा आहे. २०१० मध्ये राष्ट्रीय सौर अभियान सुरू झाले, तेव्हा केंद्रीय आयोगाने ठरवलेला दर युनिटला १७ रुपये ९१ पैसे होता. २०१७ मध्ये राजस्थानातील भडला येथील लिलावात तो २ रुपये ४४ पैशांवर आला. हा दर मात्र संयंत्राच्या दारातला आहे. पारेषण, साठवण आणि राखीव क्षमता यांचा खर्च त्यात धरलेला नाही. पवनऊर्जेचा अनुभवही बोलका आहे. १९९० च्या दशकात पवनचक्कीच्या किमतीवर पहिल्याच वर्षी शंभर टक्के घसारा मिळत असे. वीज किती झाली यापेक्षा कर किती वाचला, याकडे अनेक गुंतवणूकदारांचे लक्ष राहिले. अखेर २००९ मध्ये केंद्राला प्रत्यक्ष निर्मितीवर युनिटमागे ५० पैसे प्रोत्साहन देण्याची योजना आणावी लागली. सवलत यंत्राला द्यावी की विजेला, हा धडा त्यातून मिळाला.

चौथा हिशेब जमिनीचा आणि पाण्याचा. एका मेगावॉट सौरसंयंत्राला चार ते पाच एकर जमीन लागते. हजार मेगावॉटसाठी चार-पाच हजार एकर. ही जमीन नकाशावर पडीक असली तरी कोणाची तरी चराई तेथे असते. जैवइंधनाचेही तसेच. २००३ च्या सुमारास पडीक जमिनीवर रतनजोत लावून डिझेल पिकवण्याचा मोठा गाजावाजा झाला. पाण्यावाचून त्या झाडाने पुरेसे बी दिले नाही आणि ती योजना विरून गेली. इथेनॉलने उसाला नवी बाजारपेठ दिली, तेलाच्या आयातीला पर्याय दिला, हे मान्यच केले पाहिजे. परंतु नीती आयोगाच्या २०२१ च्या आराखड्यानुसार उसापासून एक लिटर इथेनॉल मिळवण्यास सुमारे २८६० लिटर पाणी लागते. पाऊस कमी पडला, तेव्हा डिसेंबर २०२३ मध्ये उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर सरकारला बंधने घालावी लागली. मराठवाड्याने या आकड्याचा विचार करायचा नाही, तर कोणी करायचा?

पाचवा हिशेब स्वावलंबनाचा. सूर्य आपला, पण सौरघट कोणाचे? जगातील सौरपट्टिकांच्या उत्पादनसाखळीत प्रत्येक टप्प्यावर चीनचा वाटा ८० टक्क्यांहून अधिक असल्याचे आंतरराष्ट्रीय ऊर्जा संस्थेने २०२२ मध्ये दाखवून दिले. आखाती तेलाचे परावलंबन सोडून चिनी सिलिकॉनचे परावलंबन पत्करणे, हे शहाणपणाचे नव्हे. एप्रिल २०२२ पासून पट्टिकांवर ४० आणि घटांवर २५ टक्के आयात शुल्क लावले गेले. त्याने देशी कारखान्यांना बळ मिळाले, तसा उभारणीचा खर्चही वाढला. स्वदेशीची किंमत असते, आणि ती जाणून-उमजून मोजावी लागते.

मग करायचे काय? जो स्रोत जेथे शोभतो, तेथे तो वापरायचा. शेतीपंपाला वीज दिवसा हवी आणि सूर्य दिवसाच तळपतो. म्हणून गावाच्या शेतीवाहिनीला सौरऊर्जेची जोड देणे हा साठवणुकीवाचून साधणारा उत्तम मेळ आहे. रात्री-अपरात्री साप-विंचवाच्या भयात पाणी धरणाऱ्या शेतकऱ्याला त्याचे मोल सांगावे लागत नाही. गोबरगॅसही उपकारक आहे. पण दोन घनमीटरच्या संयंत्राला रोज सुमारे ५० किलो शेण, म्हणजे चार-पाच जनावरे लागतात. गोठा रिकामा झाला की संयंत्र बंद पडते. ज्यांच्या दारी गुरे आहेत, त्यांनाच तो सुचवावा.

शहरातील कुटुंबांनी छतावर सौरपट्टिका अवश्य बसवाव्यात. फेब्रुवारी २०२४ मध्ये जाहीर झालेल्या केंद्राच्या योजनेत तीन किलोवॉटला ७८ हजार रुपयांचे अनुदान ठरले. दिवसाला बारा युनिटच्या आसपास सरासरी धरावी. पावसाळ्यात त्याहून कमी. आणि एक गोष्ट आधीच समजून घ्यावी: बॅटरीवाचूनची साधी जोडणी बाहेरची वीज गेली की स्वतःही बंद पडते. तारेवर काम करणाऱ्या वायरमनच्या जिवासाठी ती तशीच योजलेली असते. हे ठाऊक नसलेला गृहस्थ पहिल्याच अंधाऱ्या संध्याकाळी निराश होतो आणि शेजारच्या चौघांना परावृत्त करतो.

सर्वांत स्वस्त वीज म्हणजे न वापरलेली वीज. ती वाचवायला ना जमीन लागते, ना आयात, ना अनुदान. तिच्यानंतर सूर्य, वारा, पाणी, अणू आणि कोळसा यांची क्रमवारी प्रदेश, ऋतू आणि वेळ पाहून लावावी लागेल. प्रत्येक गावाने, प्रत्येक वसाहतीने आपली मागणी कोणत्या महिन्यात आणि कोणत्या प्रहरी किती असते, एवढे जरी कागदावर मांडले, तरी कोणत्या स्रोतावर पैसा घालावा याचे निम्मे उत्तर त्या कागदावरच मिळेल.