ओहोटीच्या वेळेवर



किहीमच्या पुळणीवर बैलगाड्यांची शर्यत ठरवायची, तर आधी तिथी बघावी लागते. मुहूर्तासाठी नव्हे, ओहोटीसाठी. पुनवेला आणि अवसेला आमच्याकडे भरती भर दुपारी. म्हणजे ओहोटी सकाळी नाहीतर संध्याकाळी. पुढे रोज ती सुमारे ५० मिनिटांनी उशिरा येते. पाणी मागे हटलं की ओली वाळू घट्ट बसते, चाक रुतत नाही. वरच्या अंगाला सुरूच्या बनाजवळची कोरडी वाळू मात्र बैलाचा पाय धरून ठेवते. तेव्हा धावायला मिळते ती मधली ओली पट्टी, आणि तीही समुद्र देईल तेवढा वेळ.

मी माहितीपट करतो. पहिल्या खेपेला कॅमेरा शेवटच्या रेषेवर लावला. गाड्या आल्या, पाणी उडालं, गाड्या गेल्या. चित्रं देखणी होती, पण त्यांत नुसता वेग होता. दुसऱ्या खेपेला पहाटेच गोठ्यात जाऊन बसलो. मालकानं बैलाच्या खांद्यावरून, जिथं जू टेकतं तिथून, तळहात सावकाश फिरवला. एका जागी थांबला, पुन्हा दाबून पाहिलं आणि म्हणाला, "आज नको याला." त्या दिवशी ती गाडी जुंपलीच नाही. माझ्या माहितीपटाची सुरुवात मी तिथून केली.

याच किहीममध्ये १९३० च्या सुमारास पक्षिशास्त्रज्ञ सलीम अली सुगरण पक्ष्याची घरटी न्याहाळत बसत. नर अर्धं घरटं विणतो, मादीनं पसंत केलं तर पुरं करतो आणि लगेच दुसरं विणायला घेतो, हे त्या बसण्यातूनच कळलं. माझ्या कामाला याहून मोठा गुरू मला दिसत नाही.

शर्यतीची गोष्ट बंदीशिवाय पुरी होत नाही. ७ मे २०१४ ला सर्वोच्च न्यायालयानं तमिळनाडूतल्या जल्लिकट्टूबरोबर आपल्या शर्यतीही बंद केल्या. २०१७ मध्ये राज्यानं कायदा बदलला, तरी न्यायालयात परवानगी अडली. १६ डिसेंबर २०२१ ला अटींसह वाट मोकळी झाली आणि १८ मे २०२३ ला घटनापीठानं तो कायदा उचलून धरला. बंदी उगीच आली नव्हती. चाबूक, पराणी, शेपटी पिरगाळणं, हे सगळं होत होतं. शर्यतीवर माझा जीव आहे, म्हणूनच ती दृश्यं मी कापणार नाही. शर्यत नको म्हणणाऱ्यांचं म्हणणंही माहितीपटात पुरतं राहील.

मला अडचण आहे ती जुन्या दिवसांची. बंदीच्या आधीची किनाऱ्यावरची शर्यत कागदोपत्री फार थोडी सापडते. ती आहे तुमच्या घरात: भिंतीवरच्या फोटोत, लग्नाच्या कॅसेटच्या शेवटी, माळ्यावर टाकलेल्या छकड्यात. रेवसपासून मुरूडपर्यंतच्या माझ्या गाववाल्यांना हात जोडून सांगणं आहे, यातलं काही टाकू नका. घरातलं म्हातारं माणूस सांगेल ते गाव, साल आणि बैलांची नावं आजच फोटोच्या मागे लिहून ठेवा.