करारातील एक ओळ आणि न्यायालयाची वाट
(अधारताल, जबलपूर येथे स्पर्धा परीक्षांच्या विद्यार्थ्यांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित अंश)



राणी दुर्गावतीचा दिवाण अधारसिंह याच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या तलावाच्या परिसरात आपण जमलो आहोत. मी अर्थशास्त्राचा अभ्यासक. कायद्याकडे मी खर्चाच्या अंगाने पाहतो. म्हणून विचारतो : येथील एखाद्या लहान उद्योजकाने मुंबईच्या कंपनीशी करार केला आणि पैसे अडकले, तर त्याने दाद कोठे मागावी?

उत्तराचा पाया 1971 च्या हाकम सिंग विरुद्ध गॅमन इंडिया या निकालात आहे. करारात लवादाचे कलम होते आणि वाद केवळ मुंबईच्या न्यायालयातच चालेल, असेही म्हटले होते. कंत्राटदार मात्र वाराणसीच्या न्यायालयात गेला. सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, दोन न्यायालयांना अधिकारिता असेल, तर त्यांपैकी एकाची निवड करणे हे करार अधिनियमाच्या कलम 28 च्या विरुद्ध नाही; परंतु ज्या न्यायालयाला मुळात अधिकारिताच नाही, त्याला ती पक्षकारांच्या संमतीने प्राप्त होत नाही. हे दुसरे वाक्य विद्यार्थी हमखास विसरतात.

1996 च्या लवाद व सलोखा अधिनियमाने यात भर घातली. त्याच्या कलम 20 नुसार पक्षकार लवादाचे स्थान ठरवू शकतात. 2017 मध्ये इंडस मोबाइल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, मुंबई हे लवादाचे स्थान ठरले असेल, तर वादाचे कारण तेथे घडले नसले तरी मुंबईच्याच न्यायालयांना अनन्य अधिकारिता राहते. म्हणजे वरच्या नियमाला लवादापुरता अपवाद निर्माण झाला. मात्र सोयीसाठी एखाद्या गावी बैठक घेतली, एवढ्याने ते गाव लवादाचे स्थान होत नाही.

आता मध्य प्रदेशाची खास गोष्ट. आपला कंत्राटदार राज्य शासनासाठी रस्ता किंवा पूल बांधत असेल, तर हा सारा हिशेबच बदलतो. मध्य प्रदेश माध्यस्थम् अधिकरण अधिनियम, 1983 नुसार शासन वा शासकीय उपक्रमांच्या बांधकाम कंत्राटांतील 50,000 रुपये किंवा त्याहून अधिक निश्चित रकमेचे दावे राज्याच्या अधिकरणाकडे जातात. करारात लवादाचे कलम असो वा नसो. अधिकरण भोपाळला, येथून तीनशे किलोमीटरहून अधिक दूर. त्याच्या निवाड्यावर पुनरीक्षण मात्र उच्च न्यायालयात, ज्याचे मुख्य पीठ आपल्या जबलपुरातच आहे!

केंद्राचा 1996 चा कायदा आल्यावर राज्याचा हा कायदा टिकतो काय, हा प्रश्न दीर्घकाळ लोंबकळला. 2010 मध्ये व्हीए टेक प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय कायद्याच्या बाजूने कौल दिला. 2012 मध्ये ग्रामीण रस्ते विकास प्राधिकरण विरुद्ध एल. जी. चौधरी या प्रकरणात दोन न्यायमूर्तींच्या पीठाने तो निकाल बरोबर नसल्याचे म्हटले. तथापि काही मुद्द्यांवर त्यांचे आपसांतही मतैक्य झाले नाही. अखेर मार्च 2018 मध्ये तीन न्यायमूर्तींनी राज्याचा कायदाच लागू होतो, असा निर्णय दिला. योग्य टप्प्यावर अधिकारितेची हरकत घेतलेली नसेल, तर झालेला निवाडा केवळ त्या कारणाने रद्द करू नये, हेही स्पष्ट केले.

निकालाचे तर्कशास्त्र मला पटते; झालेला कालापव्यय मात्र सलतो. आठ वर्षे कंत्राटदाराला दार कोणते हेच खात्रीने ठाऊक नव्हते. मोठी कंपनी असा विलंब ताळेबंदात सोसते. लहान कंत्राटदाराचे खेळते भांडवल मात्र अडकते, सावकाराचे व्याज चढते आणि पुढच्या निविदेत तो एक तर दर वाढवतो किंवा भागच घेत नाही. वाढलेला दर अखेर सार्वजनिक तिजोरीतूनच जातो. निविदेच्या कागदपत्रांत वादनिवारणाचे कलम बहुधा अगदी शेवटच्या पानांवर असते. दर भरण्यापूर्वी ते वाचणारा कंत्राटदार मला क्वचितच भेटला आहे.