काळाचें शस्त्र

मनुष्यानें कल्पिलेल्या शस्त्रांत सर्वांत मोहक शस्त्र कोणतें, असा प्रश्न केल्यास वज्राचें किंवा ब्रह्मास्त्राचें नांव प्रथम पुढें येईल. परंतु वज्र शरीराचा चुराडा करतें. गेलेला क्षण तें परत आणीत नाहीं. जें हातीं येतांच काळ थांबेल, मागें फिरेल किंवा शत्रूच्या वाट्याची घटका आपल्या पदरांत पडेल, अशा शस्त्राची ओढ याहून खोल आहे. इ. स. २००३ मध्यें निघालेल्या ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ मालिकेंतील एका संगणकीय खेळांत अशीच एक कट्यार आहे. तिच्या मुठींत वाळू भरलेली असते. कट्यारीचा प्रयोग केला कीं नुकताच घडलेला प्रसंग उलटा फिरतो आणि खाईंत पडलेला राजपुत्र पुन्हां कड्यावर उभा राहतो. मात्र वाळू मोजकीच असते. ती संपली कीं राजपुत्रही तुम्हांआम्हांसारखाच काळाच्या स्वाधीन होतो.

मराठी श्रोत्यांना या कल्पनेचें फारसें नवल वाटण्याचें कारण नाहीं. ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ हें वाक्य आपल्या भाषेंत म्हणीसारखें रुळलें आहे. सूर्यास्तापूर्वीं जयद्रथाचा वध न झाल्यास अग्निप्रवेश करीन, अशी अर्जुनाची प्रतिज्ञा होती. प्रचलित कथेप्रमाणें श्रीकृष्णानें सुदर्शनानें सूर्य झांकला. दिवस संपला असें समजून जयद्रथ निर्धास्तपणें समोर आला. आणि चक्र दूर होतांच सूर्य पुन्हां तळपूं लागला. या कथेचें मर्म असें कीं, सूर्य क्षणभरही थांबला नव्हता. बदलला तो शत्रूच्या मनांतील वेळेचा हिशेब. काळाचें खरें शस्त्र याच जातीचें असतें, आणि तें चालविण्यास देवच लागतो असें नाहीं. नागपूरच्या सीताबर्डीनें तें १८१७ सालीं पाहिलें.

त्या वर्षीं ५ नोव्हेंबरला पुण्याजवळ खडकी येथें पेशवे व इंग्रज यांचें युद्ध जुंपलें. १७ नोव्हेंबरला शनिवारवाड्यावर इंग्रजांचें निशाण चढलें. नागपूरच्या आप्पासाहेब भोसल्यांनीं पेशव्यांकडून आलेलीं सेनापतिपदाचीं वस्त्रें भर दरबारांत स्वीकारलीं, तीं मात्र २४ नोव्हेंबरला. ज्या सत्तेच्या भरंवशावर हा समारंभ झाला, तिची राजधानी सात दिवसांपूर्वींच पडली होती. नागपूरच्या दरबाराचें घड्याळ, असें म्हणावयाचें तर, तेव्हांच एक आठवडा मागें पडलें होतें.

इंग्रज रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्स यानें आपल्या पलटणी सीताबर्डीच्या दोन टेकड्यांवर आणून ठेवल्या. २६ नोव्हेंबरला सायंकाळीं गोळीबार सुरू झाला. भोसल्यांची फौज सुमारें १८,००० होती व तींत निधड्या छातीचे अरब होते. टेकड्यांवर १,४०० च्या आसपास सैनिक होते, आणि तेही बहुतेक हिंदी शिपाईच. लढाई रात्रीं चालूच राहिली. २७ तारखेला सकाळीं अरबांनीं धाकटी टेकडी घेतली. आतां मोठी टेकडी जाण्यास फारसा वेळ लागेल असें दिसेना. इतक्यांत कॅप्टन फिट्झजेराल्ड आपले घोडेस्वार घेऊन मैदानांत उतरला. त्याच्या हल्ल्यानें पारडें फिरलें, धाकटी टेकडी अरबांच्या हातून गेली आणि दुपारपर्यंत लढाई आटोपली. सुमारें १८ तासांच्या त्या झुंजींत इंग्रजांकडील मृत व जखमी मिळून ३६७ झाले, म्हणजे चारांतील एक पडला.

तरीही नागपूर त्या दुपारीं भोसल्यांचेंच होतें. टेकडीवरील लोक थकलेले होते; शहर, तोफा आणि बरीचशी फौज आप्पासाहेबांच्या हातीं होती. येथून पुढें काळाचें शस्त्र बाहेर पडलें. हल्ला आपल्या आज्ञेनें झाला नाहीं, असें आप्पासाहेबांनीं कळविलें. फौज मागें घ्यावी, या अटीवर जेन्किन्सनें लढाई तहकूब ठेवली. तहकुबीचे दिवस दोन्हीं पक्षांना सारखेच मिळाले. पण त्यांचें मोल सारखें नव्हतें. २९ नोव्हेंबरला लेफ्टनंट कर्नल गेहान कुमक घेऊन आला. १२ डिसेंबरला जनरल डव्हटनची मोठी फौज येऊन दाखल झाली. उगवणाऱ्या प्रत्येक दिवसाबरोबर एका बाजूचें बळ वाढत होतें, तर दुसऱ्या बाजूची मसलत लांबत होती.

१५ डिसेंबरला जेन्किन्सनें अटी धाडल्या : तोफा द्याव्या, फौज मोडावी. उत्तराची मुदत दुसऱ्या दिवशीं पहाटे ४ वाजेपर्यंत. मुदत उलटली. अरब आपणांस येऊं देत नाहींत, दोनतीन दिवस मिळावे, असा राजाचा निरोप आला. दिवस मिळाले नाहींत. मिळाले तीन तास. अठरा दिवसांपूर्वीं ज्याच्या हातीं सारा काळ होता, त्याला आतां तास मागून घ्यावे लागले. आप्पासाहेब रेसिडेन्सींत आले, आणि त्याच दिवशीं त्यांच्या फौजेचा पराभव झाला. शहरांतील अरब त्यानंतरही झुंजले. २४ डिसेंबरचा इंग्रजांचा हल्ला त्यांनीं परतविला व अखेर ३० डिसेंबरला अटी ठरवून शहर सोडलें. शौर्याची वाण नव्हती. शौर्य ज्या दिवसांत कामीं यावयाचें ते दिवस खर्ची पडले होते.

आज सीताबर्डीचा किल्ला लष्कराच्या ताब्यांत आहे व वर्षांतील ठराविक दिवशींच सामान्य लोकांस वर जातां येतें. खालीं बाजार गजबजलेला असतो व मेट्रोचे दोन मार्ग तेथें एकमेकांस मिळतात. घाईनें जिने चढणाऱ्या प्रवाशाला एखादा मिनिट हुकला तर पुढील गाडी मिळते. आप्पासाहेबांना पुढील गाडी नव्हती. खेळांतील राजपुत्राप्रमाणें २७ नोव्हेंबरची सकाळ उलटी फिरविण्याचें साधन त्यांच्यापाशीं नव्हतें. तें कोणापाशींच नसतें. त्यांच्यापाशीं होते ते त्यापुढील अठरा दिवस, आणि वाळू त्यांच्याच मुठींतून गळत होती.