तडजोडीचा आकडा आणि तडजोडीची तारीख

आपल्या वाशीत सेक्टर 30-ए मध्ये, टेलिफोन एक्सचेंजच्या इमारतीत, कर्जवसुली न्यायाधिकरण आहे. बँकांचे 20 लाख आणि त्यावरच्या थकीत कर्जांचे दावे अशा न्यायाधिकरणात चालतात. अशा दाव्यांत कर्जदारांची एक तक्रार वारंवार ऐकू येते : सेटलमेंट झाली होती, पैसे भरले होते, मग बाकी उरली कुठून?

ती उरते, कारण हिशेब दोन चालतात. खातं एनपीए, म्हणजे थकीत, झालं की बँक त्यात व्याज नावे टाकणं थांबवते. उताऱ्यावरचा आकडा तसाच दिसतो आणि देणं तिथंच थांबलं असं कर्जदाराला वाटतं. करारातलं व्याज मात्र वेगळ्या नोंदीत वाढत असतं. एकरकमी तडजोडीत, म्हणजे ओटीएसमध्ये, बँक यातला काही भाग सोडते, तोही ठरलेल्या तारखेच्या अटीवर. तारीख चुकली की बहुतेक मंजुरीपत्रांप्रमाणे सूट रद्द होते, सगळी थकबाकी पुन्हा उभी राहते आणि भरलेली रक्कम तिच्यात वळती होते. बरीचशी व्याजातच जिरते.

इथे कोर्ट धावून येईल, अशी आशा धरू नका. अरविंद्रा इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात उच्च न्यायालयानं स्टेट बँकेच्या ओटीएसची मुदत वाढवून दिली होती. नोव्हेंबर 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो आदेश रद्द केला; मुदत वाढवणं म्हणजे करार नव्यानं लिहिणं, असं कारण दिलं. ओटीएस द्याच, असा हुकूम बँकेला देता येत नाही, हे 2021 च्या बिजनौर अर्बन बँकेच्या निकालात आधीच ठरलं होतं. उलट, रिझर्व्ह बँकेची ओटीएसविषयीची मार्गदर्शक तत्त्वं सरकारी बँकांना पाळावीच लागतात, हे सरदार असोसिएट्सच्या 2009 च्या निकालानं सांगितलं. कर्जदाराच्या हाती उरलेली जागा ही एवढीच.

आपल्या दारातलं उदाहरण त्याहून कठोर आहे. बाफना मोटर्सला 2017 मध्ये युनियन बँकेनं 100 कोटींचं कर्ज दिलं. तारण होता नवी मुंबईतल्या टीटीसी औद्योगिक क्षेत्रातला 16,200 चौरस मीटरचा भूखंड. पुढे खातं थकलं. आठ लिलाव फसले. जून 2023 मधल्या नवव्यात सेलिर या कंपनीची 105.05 कोटींची बोली लागली आणि तिनं जुलैत सगळे पैसे भरले. मग कर्जदारानं 129 कोटी देऊ केले, बँक राजी झाली आणि मुंबई उच्च न्यायालयानं परवानगी दिली. सरकारी बँकेला जवळजवळ 24 कोटी जास्त मिळत होते! तरी 21 सप्टेंबर 2023 ला सर्वोच्च न्यायालयानं ते नाकारलं. तारण विकून वसुली करू देणाऱ्या सरफेसी कायद्याच्या 2016 च्या दुरुस्तीनंतर तारण सोडवण्याचा हक्क लिलावाची जाहीर नोटीस निघेपर्यंतच टिकतो, असं न्यायालय म्हणालं. मला हा निकाल योग्य वाटतो. पूर्ण पैसे भरलेला खरेदीदार ऐनवेळी हटवला जाणार असेल, तर पुढच्या लिलावात बोली लावायला कोण येईल? आणि बोली पडली, तर नुकसान पुढच्या कर्जदाराचंच.

कोर्टाचा आधार एवढा तोकडा आहे, म्हणून ओटीएसचा अर्ज देण्याआधी वकिलाला दाखवा. बँकेच्या दावा करण्याच्या मुदतीत दिलेला असा अर्ज देणं असल्याची कबुली ठरू शकतो आणि ती मुदत नव्यानं सुरू होऊ शकते. देना बँकेच्या 2021 च्या निकालात हे स्पष्ट झालं आहे.

बँकांकडे माझी मागणी वेगळी आहे. वैयक्तिक कर्जाची सेटलमेंट पूर्ण झाल्यावर 30 दिवसांत मूळ कागदपत्रं परत करा, आपल्याकडून उशीर झाल्यास दिवसाला 5,000 रुपये द्या, असं रिझर्व्ह बँकेनं डिसेंबर 2023 पासून बंधनकारक केलं आहे. तीच सक्ती तडजोडीच्या सुरुवातीलाही हवी. मंजुरीपत्रासोबत मुद्दल, नोंदलेलं व्याज, न नोंदलेलं व्याज, दिलेली सूट आणि तारीख चुकल्यास उभी राहणारी रक्कम, हे सगळं मराठीत, कर्जदाराच्या सहीपूर्वी, त्याच्या हाती पडलं पाहिजे.